इसहाक तेव्हा किती वर्षांचा होता? एक गोष्ट, तीन धर्म आणि त्यांचे टीकाकार

नेहा_वाचते

अब्राहाम आपल्या मुलाला बळी द्यायला डोंगरावर नेतो, ही गोष्ट बहुतेकांच्या कानावरून गेलेली असते. बायबलच्या उत्पत्ती या पुस्तकाच्या 22व्या अध्यायात ती जेमतेम पानभर आहे. मुलगा त्यात एकदाच काय तो बोलतो: विस्तव आहे, लाकडं आहेत, पण होमासाठी कोकरू कुठे आहे? बाप म्हणतो, देव बघेल. दोघं चालत राहतात. मग वेदी, दोर, सुरा, दूताची हाक आणि झुडपात शिंगं अडकलेला एडका. बांधताना मुलगा काय म्हणाला, घाबरला का, वयाने केवढा होता, यातलं काहीही लिहिलेलं नाही.

ज्यू परंपरेत या प्रसंगाला ‘अकेदा’ म्हणतात. त्यावरच्या टीका (म्हणजे अर्थ उलगडून सांगणारी भाष्यं) गेले काही महिने जमेल तशा वाचते आहे आणि वयाच्या एका प्रश्नाने मला धरून ठेवलंय. जुन्या रब्बींच्या, म्हणजे ज्यू धर्मपंडितांच्या, मिद्राशात (बायबलवरच्या त्यांच्या कथारूप विवरणात) इसहाक 37 वर्षांचा आहे. हिशेब असा: तो जन्मला तेव्हा सारा 90 वर्षांची होती, ती 127व्या वर्षी वारली आणि तिच्या मृत्यूची बातमी लगेच पुढच्या अध्यायात येते. म्हणजे ही हकीकत कळली आणि त्या धक्क्याने तिने प्राण सोडला. पहिल्या शतकातला ज्यू इतिहासकार जोसेफस मात्र 25 सांगतो. बाराव्या शतकातला स्पेनचा अब्राहाम इब्न एझ्रा दोन्ही बाजूला सारून म्हणतो, साधारण 13.

माझं मत सांगते. हा नुसता बेरीज-वजाबाकीचा मामला नाही. 37 वर्षांचा माणूस म्हाताऱ्या बापाकडून स्वतःला बांधून घेतो तेव्हा ती त्याचीही परीक्षा ठरते. 13 वर्षांचा असेल तर सगळा भार एकट्या बापावर. यातलं कोण काय निवडतं, ते शेजारचा ख्रिस्ती किंवा मुसलमान ही गोष्ट कशी सांगतोय यावरही ठरत गेलं, असं मला वाटतं. हे टीकाकार एकमेकांचं खरंच वाचत होते का? आणि तुमच्या घरी ही गोष्ट कशी सांगतात?

सह्याद्री_पायी

37 वर्षांचा असला म्हणून काय झालं, आईच्या लेखी तो ‘बाळ’च! बापाबरोबर तीन दिवस डोंगरात जातोय आणि आईला कोणी नीट सांगितलेलंही नाही. साराचा जीव गेला यात मला तरी काही नवल वाटत नाही.

वसई_गिरीज

नेहा, धागा फार आवडला. आमच्याकडे हा उतारा पास्काच्या (ईस्टरच्या) आदल्या रात्री वाचतात. देवळात अंधार असतो, हातात मेणबत्त्या असतात आणि जुन्या करारातली एकेक वाचनं होत जातात, त्यातलं हे एक. लहानपणापासून फादरांच्या तोंडून एकच अर्थ ऐकला: इसहाक म्हणजे येणाऱ्या ख्रिस्ताची छाया. बापाचा लाडका मुलगा, स्वतःच्या बळीची लाकडं स्वतःच्या खांद्यावर घेऊन डोंगर चढतो. येशूने क्रूस उचलला तो असाच.

हा अर्थ फार जुना आहे. दुसऱ्या शतकातल्या सार्दीसच्या मेलितोकडे तो आहे. संत ऑगस्टीन तर पुढे जाऊन सांगतो की काट्याकुट्यांत शिंगं अडकलेला एडका म्हणजे काट्यांचा मुकुट घातलेला ख्रिस्त. आणि नव्या करारातल्या इब्री लोकांस पत्रात म्हटलंय की मेलेल्यालाही उठवायला देव समर्थ आहे, हे अब्राहामाने मनाशी धरलं होतं.

म्हणजे आमच्या वाचनात इसहाक राजीखुशीने गेलेला असणंच बरोबर बसतं. वय मात्र कोणी कधी सांगितलं नाही. चित्रांत तो पोरगाच असतो.

जुनी_पोथी

@वसई_गिरीज, तुमच्या लाकडांच्या मुद्द्यावरून एक सांगतो, अंगावर काटा येईल. ‘अब्राहामाने होमाची लाकडं घेऊन इसहाकाच्या अंगावर ठेवली’ या ओळीवर बेरेशीत रब्बा या मिद्राशात एवढंच भाष्य आहे: ‘जसा कोणी आपला क्रूस आपल्या खांद्यावर वाहतो तसा.’ हा ग्रंथ साधारण पाचव्या शतकातला, गालीलकडच्या रब्बींचा. ख्रिस्ती साम्राज्याच्या छायेत राहणारे रब्बी इसहाकासाठी हे चित्र वापरतात.

यावर अभ्यासकांत दोन तट आहेत. काही म्हणतात, रोमन राजवटीत क्रूस वाहणारा कैदी हे रोजचं दृश्य होतं, त्यात ख्रिस्ती काही शोधू नका. काही म्हणतात, हे उघड उत्तर आहे: तुम्ही ज्याला छाया म्हणता तो आमचा मूळ पुरुष आहे. मला दुसरं जास्त पटतं, कारण त्याच ग्रंथात इसहाक बापाला विनवतो: ‘बाबा, मी तरुण आहे, सुरीच्या भीतीने माझं अंग थरथरेल, तुम्हाला वाईट वाटेल आणि बळीही दूषित होईल. तेव्हा मला चांगलं घट्ट बांधा.’ मूळ गोष्टीत गप्प असलेल्या मुलाला रब्बींनी संमतीचा आवाज दिला.

रफिक_दापोली

‘मला घट्ट बांधा’ हे वाचून थांबलो. आमच्या घरी बकरी ईदच्या आदल्या रात्री दादी हीच गोष्ट सांगायची आणि तिच्या गोष्टीत मुलगा अगदी हेच म्हणायचा. ‘अब्बा, मला घट्ट बांधा म्हणजे मी हातपाय झाडणार नाही. कपडे जरा आवरून घ्या, माझं रक्त त्यावर उडायला नको, अम्मी बघेल तर तिला दुःख होईल.’ मला वाटायचं हे दादीने मनाने घातलंय. मोठेपणी कळलं की तबरी (839 ते 923) यांच्या तफसीरमध्ये, म्हणजे कुराणावरच्या टीकेत, ही गोष्ट अशीच नोंदलेली आहे.

आमच्यात मुलगा हजरत इस्माईल (बायबलातला इश्माएल), इसहाकचा मोठा सावत्र भाऊ. पण इथे एक महत्त्वाची गोष्ट. कुराणात 37व्या सूरेत ही हकीकत येते, तिथे मुलाचं नाव दिलेलं नाही. बाप स्वप्न सांगतो आणि विचारतो, तुझं मत काय? मुलगा म्हणतो, तुम्हाला हुकूम झालाय तसं करा, अल्लाहने चाहलं तर मी धीर धरणाऱ्यांपैकी निघेन. म्हणजे जी संमती रब्बींनी टीकेत घातली ती आमच्याकडे मूळ ग्रंथातच आहे.

नाव नसल्यामुळे सुरुवातीच्या शतकांत दोन्ही मतं होती. तबरींनी दोन्ही बाजूंच्या जुन्या जाणत्यांची मतं ओळीने दिली आणि स्वतःचा कौल इसहाककडे दिला. हे आमच्या मोहल्ल्यात सांगितलं तर लोक मला वेड्यात काढतील, पण तफसीरच्या इतिहासात ते आहे.

टीकाकार_सुहास

म्हणजे सरळ उचलाउचली झाली. रब्बींनी लिहिलं, ख्रिस्त्यांनी घेतलं, मुसलमानांनी घेतलं. यात ‘देवाणघेवाण’ असं गोड नाव कशाला?

नेहा_वाचते

@टीकाकार_सुहास, इतकं एका दिशेने वाहिलेलं असतं तर मी धागाच काढला नसता. एक उदाहरण देते. पिर्के दे-रब्बी एलिएझर नावाचा आठव्या शतकाच्या आसपासचा ज्यू ग्रंथ आहे, म्हणजे इस्लाम आल्यानंतरचा. त्यात अब्राहाम वाळवंटात इश्माएलला भेटायला जातो. उंटावरून उतरणार नाही अशी साराला शपथ दिलेली आहे. इश्माएल घरी नाही. बायको पाण्याचा घोटही देत नाही. तेव्हा अब्राहाम निरोप ठेवतो: घराचा उंबरठा बदल. मुलगा ओळखतो आणि दुसरी बायको करतो. पुढच्या खेपेला ती पाहुणचार करते आणि म्हातारा आशीर्वाद देऊन जातो.

आता या बायकांची नावं ऐका. पहिली आयेशा, दुसरी फातिमा!

रफिक_दापोली

अरे! उंबरठ्याची गोष्ट तर सहीह बुखारी या हदीसच्या संग्रहात आहे. इब्राहिम मक्केला येतात, सून तक्रारी सांगते, ते निरोप देतात की दाराचा उंबरठा बदल. दुसऱ्या वेळची सून समाधानी असते, तेव्हा उंबरठा कायम ठेव असा निरोप. बुखारीत त्या सुनांची नावं नाहीत. पैगंबरांच्या पत्नीचं आणि कन्येचं नाव ज्यू ग्रंथात या दोघींना मिळालंय, म्हणजे लिहिणाऱ्याच्या कानावर शेजारचं सगळं पडत होतं. आणि फातिमाला चांगली आणि आयेशाला वाईट ठरवणं हे कुणाकडून ऐकलं असेल (शियांकडून?), याचाही विचार करा.

जुनी_पोथी

त्याच ग्रंथाच्या पुढच्या अध्यायात आणखी एक आहे. सुरी मानेला टेकली तेव्हा इसहाकाचा प्राण उडून गेला आणि ‘मुलावर हात टाकू नको’ हा आवाज आला तेव्हा तो परत आला. उठून त्याने ‘मेलेल्यांना जिवंत करणारा तू धन्य’ ही प्रार्थना म्हटली. ज्यू रोजच्या प्रार्थनेत हे वचन आजही म्हणतात. मेलेला आणि पुन्हा उठलेला लाडका मुलगा. ख्रिस्ती शेजाऱ्याला हे ऐकून काय वाटलं असेल!

मंजिरी_सोलापूर

मला राहून राहून चिलया बाळ आठवतोय. श्रियाळ राजा, चांगुणा, अतिथी बनून आलेला शंकर आणि उखळ. आमची आजी ओव्या म्हणता म्हणता रडायची. मग प्रश्न तोच पडतो, देवाने असलं मागावंच का? ज्यू टीकाकारांना हा प्रश्न पडला नाही का?

जुनी_पोथी

पडला, आणि त्यांनी तो दाबला नाही. यिर्मया संदेष्ट्याच्या पुस्तकात देव मुलांच्या बळीबद्दल संतापून म्हणतो की हे मी कधी आज्ञापिलं नाही, माझ्या मनातही आलं नाही. तालमूदमध्ये, म्हणजे रब्बींच्या चर्चांच्या मोठ्या ग्रंथात, तानीत या प्रकरणात यावर म्हटलंय: ‘मनातही आलं नाही’ हे अब्राहामाचा मुलगा इसहाक याच्याबद्दल. म्हणजे परीक्षा घेतली, पण बळी मुळात हवाच नव्हता.

त्याहून धीट म्हणजे रशबाम, बाराव्या शतकातला उत्तर फ्रान्सचा टीकाकार. तो म्हणतो, आदल्या अध्यायात अब्राहामाने पलिष्ट्यांच्या अबीमलेखाशी करार केला, देवाने देऊ केलेल्या भूमीत परक्याला वाटा दिला, त्याचा हा राग. ज्या प्रसंगाला सगळे भक्तीचं शिखर मानतात त्यात याला शासन दिसतं.

सह्याद्री_पायी

रशबाम आणि राशी एकच का? परवा शोधायला गेलो तर ‘राशी’ टाकल्यावर सगळं मेष-वृषभच आलं.

जुनी_पोथी

नाही, आजोबा आणि नातू. राशी म्हणजे रब्बी श्लोमो यित्झाकी, 1040 ते 1105, शांपाञ प्रांतातल्या त्र्वा गावचे. नावांची आद्याक्षरं जोडून ‘राशी’. रशबाम हे मुलीचे चिरंजीव. तोरावर (बायबलच्या पहिल्या पाच पुस्तकांवर) आजोबांची टीका असताना नातवाने स्वतंत्र टीका लिहिली आणि आजोबांशी वाद घातल्याचं नोंदवूनही ठेवलं. आजोबांनी कबूल केलं म्हणतात की सवड मिळाली तर शब्दाच्या साध्या अर्थाला धरून नव्याने लिहीन.

या धाग्याला राशी लागतातच, कारण ‘तुझा मुलगा, तुझा एकुलता एक, ज्याच्यावर तू प्रेम करतोस तो इसहाक’ या ओळीवर ते देव आणि अब्राहाम यांचा संवाद देतात. तुझा मुलगा घे. मला दोन आहेत. तुझा एकुलता. हा त्याच्या आईचा एकुलता, तो त्याच्या आईचा. ज्याच्यावर तुझं प्रेम आहे. दोघांवरही आहे. इसहाक! हे शेवटी. एकदम नाव घेतलं असतं तर बापाचं मन भोवंडून गेलं असतं, म्हणून हळूहळू.

टीकाकार_सुहास

हे तर उघड उघड मुसलमानांना दिलेलं उत्तर आहे. ‘इस्माईलही एकुलताच होता’ या आक्षेपावर पळवाट.

जुनी_पोथी

नाही. राशींनी हा संवाद जुन्या साहित्यातून घेतलाय. तो तालमूदमध्ये आणि बेरेशीत रब्बात आहे, म्हणजे इस्लामच्या आधीचा. आधीपासून पडलेली वीट पुढच्या भांडणात कामाला आली असं फार तर म्हणता येईल. सगळं उत्तर म्हणूनच लिहिलं गेलं असं धरलं तर मजकुरावर अन्याय होतो, आणि हे नेहाच्या मूळ मताबद्दलही म्हणतोय.

रफिक_दापोली

पण आक्षेप मात्र खराच घेतला गेला, तोही तोरातून. इब्न कसीर (चौदावं शतक, दमास्कस) लिहितात की त्यांच्या ग्रंथात ‘एकुलता’ म्हटलंय आणि एकुलता म्हणवून घेण्याचे दिवस फक्त इस्माईलच्या वाट्याला आले, कारण इसहाक नंतर जन्मला. म्हणून ‘इसहाक’ हे नाव मागाहून घुसडलंय असं त्यांचं म्हणणं. दुसरा मुद्दा कुराणाच्या क्रमाचा: 37व्या सूरेत बळीची हकीकत संपल्यावर मग इसहाकची खुशखबर येते. तिसरा सगळ्यात धारदार: 11व्या सूरेत साराला इसहाक आणि त्याच्यामागून याकूब असं वचन दिलंय. ज्याच्या पोटी नातू होणार हे आधीच सांगितलं, त्याला कापायचा हुकूम परीक्षा कसली ठरेल?

मला यात काय आवडतं तर इब्न कसीर तोराच्या ओळीवर वाद घालतात. दुसऱ्याच्या ग्रंथाची ओळ हातात असल्याशिवाय असा वाद होत नाही.

वसई_गिरीज

तिसरा मुद्दा ऐकून चकित झालो, कारण इब्री लोकांस पत्राचा लेखक ह्याच अडचणीवर बोट ठेवतो! वंश इसहाकाकडून चालेल असं वचन असताना त्याला अर्पण करायचं कसं? त्याचं उत्तर पुनरुत्थान. अडचण तीच, आणि दोघांनी दोन वाटा काढल्या.

अनघा_कायदा

इतका वेळ वाचत होते. सगळं छान आहे, पण ‘शेजारी शेजाऱ्याचं ऐकत होता’ हे चित्र फार गुळगुळीत होतंय, म्हणून लिहिते.

1240 मध्ये पॅरिसला तालमूदवर खटला चालला. आरोप मांडणारा निकोलस दोनिन स्वतः धर्मांतरित ज्यू होता आणि बचावाला रब्बी येहिएल. पुढे 1242 मध्ये तालमूदच्या हस्तलिखितांच्या 24 गाड्या भरून जाळल्या. छपाईच्या दोनशे वर्षं आधी 24 गाड्या म्हणजे काय, विचार करा.

1263 मध्ये बार्सिलोनात आरागॉनचा राजा पहिला हाइमे याच्यासमोर रामबान (रब्बी मोशे बेन नाख्मान) यांना वादाला उभं केलं. समोर पाब्लो क्रिस्तियानी, तोही धर्मांतरित. त्याचा डाव असा की मिद्राशातल्याच कथा दाखवून मसीहा येऊन गेल्याचं सिद्ध करायचं. म्हणजे वर जुनी_पोथी यांनी दिलेल्या क्रूसासारख्या ओळी पुढे हत्यार झाल्या. रामबाननी सांगितलं की अशा कथा म्हणजे तुमच्या बिशपाने उभं राहून प्रवचन द्यावं तशा आहेत. ज्याला पटलं त्याने मानावं, ज्याने मानलं नाही त्याचं काही बिघडत नाही. राजाने 300 दिनार देऊन निरोप दिला, पण काही वर्षांत त्यांना देश सोडावा लागला आणि म्हातारपणी पॅलेस्टाईन गाठावं लागलं.

दोन बाजू सारख्या बळाच्या नसताना झालेल्या या गोष्टी आहेत. एकाला बोलताना कायम आपल्या लोकांचा जीव डोळ्यांपुढे ठेवावा लागत होता.

नेहा_वाचते

@अनघा_कायदा, हे लिहिलंत ते फार बरं झालं. याला जोडून अकेदाबद्दलच सांगायला हवं. 1096 मध्ये पहिल्या धर्मयुद्धाच्या जमावांनी ऱ्हाइनकाठच्या स्पायर, वर्म्स, माइन्त्झ इथल्या ज्यूंवर हल्ले केले. बाप्तिस्मा नाहीतर मरण असं समोर आल्यावर अनेक आईबापांनी मुलांना स्वतःच्या हाताने मारलं. हिब्रू बखरकार विचारतो, एका दिवसात अकराशे अकेदा झाल्याचं कोणी कधी ऐकलं होतं का? तेव्हा राशी हयात होते आणि त्यांचं शिक्षण याच वर्म्स-माइन्त्झमध्ये झालेलं. त्या डोंगरावर दूताने हाक मारली, इथे कोणी मारली नाही. यानंतर ही गोष्ट वाचणाऱ्याला 37 वर्षांचा, स्वतः मान पुढे करणारा इसहाक का हवासा वाटला असेल, हे मला इथे जवळून कळलं.

रेवदंडा_ते_ठाणे

आम्ही बेने इस्राएल, कोकणातले ज्यू. घरात मराठीच. आमच्या जुन्या पिढीत रोश हाशानाला, म्हणजे ज्यू नववर्षाला, ‘नव्याचा सण’ म्हणत. त्या सणाच्या दुसऱ्या दिवशी सिनेगॉगमध्ये (आमच्या प्रार्थनास्थळात) हाच अध्याय वाचतात आणि शोफार फुंकतात. शोफार एडक्याच्या शिंगाचा, तो त्या झुडपातल्या एडक्याची आठवण म्हणून, असं माझे आजोबा सांगायचे. आवाज घुमला की आम्ही पोरं बाकाखाली दडायचो.

आजी एक गोष्ट सांगायची ती इथे कोणी लिहिलेली दिसली नाही. म्हातारपणी इसहाक आंधळा का झाला? तर वेदीवर बांधलेला असताना वर आकाश उघडलं, देवदूत रडत होते आणि त्यांचे अश्रू त्याच्या डोळ्यांत पडले. आजीला हिब्रू फक्त प्रार्थनेपुरतं यायचं, वाचन सगळं मराठीत. नंतर कळलं की राशींच्या टीकेत हे जसंच्या तसं आहे. त्र्वाहून कोकणात कसं पोचलं असेल? मला वाटतं कीर्तनांतून. एकोणिसाव्या शतकात आमच्या लोकांनी अब्राहाम, योसेफ यांच्या चरित्रांवर मराठी कीर्तनं रचली, साकी-दिंडीच्या चालींवर, आणि ती देवळाच्या कार्यक्रमांत होत असत.

@अनघा, आमचा अनुभव तुम्ही लिहिलंत त्याहून वेगळा. शेजारी हिंदू आणि मुसलमान, कोणी वादाला उभं केलं नाही. मिशनरी होते. स्कॉटलंडच्या जॉन विल्सन यांनी 1832 मध्ये मराठीतून हिब्रूचं व्याकरण छापलं. त्यांना आमचं धर्मांतर हवं होतं. आमच्या लोकांनी व्याकरण घेतलं आणि धर्म आपला ठेवला.

मंजिरी_सोलापूर

साकी-दिंडीत अब्राहाम! ते कीर्तन कुणाकडे ध्वनिमुद्रित असेल तर कृपा करून टाका. आणि केडगावच्या पंडिता रमाबाईंना विसरू नका. त्यांनी हिब्रू आणि ग्रीक शिकून मुळावरून बायबल मराठीत आणलं. ते त्यांच्या मृत्यूनंतर 1924 मध्ये पूर्ण छापून आलं.

वसई_गिरीज

आणि त्याआधी फादर थॉमस स्टीफन्स यांचं ख्रिस्तपुराण, 1616. पहिला भाग सगळा जुन्या करारावर, ओव्यांमध्ये. या धाग्यावर मराठीत बोलतोय त्याला चारशे वर्षांची परंपरा आहे.

टीकाकार_सुहास

ठीक, ‘उचलाउचली’ हा शब्द मी पुढे रेटत नाही. पण मूळ प्रश्नाचं काय? एकमेकांचं ऐकणं वेगळं आणि पुस्तक उघडून वाचणं वेगळं. वाचत होते याला पुरावा काय?

जुनी_पोथी

भरपूर आहे. पॅरिसच्या सेंट व्हिक्टर मठातले ह्यू (मृत्यू 1141) आणि त्यांचे शिष्य अँड्र्यू हिब्रू शब्दाचा साधा अर्थ ज्यूंना विचारून लिहून घेत. अँड्र्यूवर तर त्याच्याच मठातल्या माणसाने ज्यूंच्या आहारी गेल्याचा आरोप केला. पुढे लिऱ्याचा निकोलस, फ्रान्सिस्कन साधू, मृत्यू 1349. त्याच्या बायबलवरच्या टीकेत ‘रब्बी सॉलोमन’ म्हणजे राशी पानोपानी येतात. कुठे मान्य, कुठे खंडन, पण पुस्तक उघडं ठेवून. ती टीका 1471-72 मध्ये रोमला छापली गेली आणि मार्टिन ल्यूथरने ती भरपूर वापरली. ज्यूंबद्दल अत्यंत विखारी लिहिणाऱ्या ल्यूथरच्या टेबलावर राशी अशा रीतीने पोचले होते.

उलट दिशेचं हवंय? हिब्रू बायबलात आज जे अध्यायांचे आकडे असतात, आपण इथे ‘22वा अध्याय’ म्हणतोय तो, ती विभागणी ख्रिस्ती लॅटिन बायबलातून आलेली आहे. वादात ख्रिस्ती पंडित अध्याय सांगून बोलायचे, उत्तर द्यायला ओळ चटकन सापडायला हवी, म्हणून ज्यूंनी ती घेतली. आणि मूळ मजकुराभोवती टीका छापलेलं मोठं रब्बीनी बायबल व्हेनिसला काढलं ते डॅनियल बॉम्बर्ग या ख्रिस्ती छापखानेवाल्याने, 1516-17 मध्ये.

रफिक_दापोली

अरबीच्या बाजूनेही लिहा. सादिया गाओन (882 ते 942), इजिप्तच्या फय्यूमचे, बगदादकडच्या ज्यू विद्यापीठाचे प्रमुख. त्यांनी तोराचं अरबी भाषांतर केलं, त्याचं नावच ‘तफसीर’. बाराव्या शतकातला ज्यू विद्वान मैमोनिदीस याने आपला तत्त्वज्ञानाचा मोठा ग्रंथ हिब्रू लिपीतल्या अरबीत लिहिला. आणि कैरोत पंधराव्या शतकात अल-बिका‌ई नावाचे आलिम कुराणाच्या टीकेत बायबलचे लांबच लांब उतारे देत. लोकांनी नावं ठेवली तेव्हा हे योग्य का आहे यावर त्यांनी वेगळं पुस्तक लिहिलं.

अनघा_कायदा

मैमोनिदीसचा एक निवाडा इथे नोंदवते, वकील म्हणून मला तो फार चोख वाटतो. ज्यू नसलेल्याला तोरा शिकवावी का, असं विचारल्यावर ते म्हणतात: ख्रिस्त्याला शिकवायला हरकत नाही, कारण मजकूर आपल्याकडे आहे तसाच आहे हे तो मानतो, भांडण फक्त अर्थाचं. मुसलमानाला शिकवू नये, कारण मजकूरच बदललाय असं तो धरून चालतो. आणि हेच मैमोनिदीस दुसरीकडे ठामपणे सांगतात की मुसलमान शुद्ध एकेश्वरवादी आहेत, मूर्तिपूजक नव्हेत. श्रद्धेने जवळचा तो ग्रंथाने लांब, ग्रंथाने जवळचा तो श्रद्धेने लांब.

नेहा_वाचते

आता वयाकडे परत येते. उत्तर इस्राएलमधल्या बेत आल्फा इथल्या सहाव्या शतकातल्या सिनेगॉगच्या फरशीवर हा प्रसंग रंगीत खड्यांत मांडलाय. 1929 मध्ये उत्खनन झालं त्यात तो सापडला. अब्राहामाच्या एका हातात सुरा, दुसऱ्या हाताने धरलेलं पोर जवळजवळ लोंबकळतंय, बाजूला वेदीच्या ज्वाळा, वरून देवाचा हात, झाडापाशी एडका. पोर अगदी लहान आहे. रब्बी 37 सांगत असताना त्याच देशातल्या सिनेगॉगमध्ये लोक रोज हे लहान मूल बघत होते.

इब्न एझ्राचं म्हणणं नीट मांडते. तो म्हणतो, 37 ही परंपरा असेल तर आम्ही स्वीकारू, पण तर्काला ते पटत नाही. इतका मोठा माणूस स्वखुशीने बांधून घेत असेल तर त्याचं पुण्य बापाच्या दुप्पट, मग मजकुरात त्याबद्दल अवाक्षर कसं नाही? पाच वर्षांचाही नसणार, लाकडं कशी वाहील? तेव्हा 13च्या आसपास, आणि बापाने त्याच्या मर्जीविरुद्ध बांधलं.

रफिक_दापोली

13 हा आकडा आमच्याकडेही आहे! कुराणात ‘मुलगा बापाबरोबर धावपळ करण्याच्या वयाला पोचला’ असं म्हटलंय. त्यावर कूफाचा व्याकरणकार अल-फर्रा (मृत्यू 822) याचं मत पुढचे टीकाकार देतात: तो त्या दिवशी 13 वर्षांचा होता. अल-फर्रा इब्न एझ्राच्या तीनशे वर्षं आधीचा. आणि इब्न एझ्रा वाढला स्पेनमध्ये, अरबी व्याकरण कोळून प्यालेल्या ज्यू विद्वानांत. त्याने तिथूनच घेतलं असेल का?

जुनी_पोथी

रफिकभाई, मोह होतो, पण इब्न एझ्रा तसं कुठे म्हणत नाही आणि त्याला अरबी आधाराची गरजही नव्हती. ज्यू मुलावर आज्ञा पाळायची जबाबदारी 13व्या वर्षी येते, त्याला तो आकडा घरचाच. मुस्लिम बाजूलाही एक धागा दिसतो. उत्पत्तीच्या 17व्या अध्यायात इश्माएलची सुंता होते तेव्हा तो 13 वर्षांचा आहे. बेरेशीत रब्बात दोघा भावांचं यावरच भांडण लागतं. इश्माएल म्हणतो, मी 13 वर्षांचा असताना सुंता करून घेतली, नकार देऊ शकत होतो, दिला नाही. इसहाक म्हणतो, देवाने माझे सगळे अवयव मागितले तरी मी ना म्हणणार नाही. त्यावर लगेच अकेदा सुरू होते.

म्हणजे 13 वर्षांचा, समजून उमजून देवाला हो म्हणणारा मुलगा रब्बींच्या कथेत आधीपासून आहे, पण तो इश्माएल आहे. मुस्लिम टीकेत हेच वय बळीच्या मुलाला मिळतं. कोणी कोणाचं पाहून लिहिलं हे मी ठरवू शकत नाही, पण रफिकभाई, अल-फर्राचा मूळ उतारा तुमच्याकडे असेल तर इथे मराठीत उतरवा. मी बेरेशीत रब्बातला तो भावांचा संवाद पूर्ण टाकतो. दोन्ही शेजारी ठेवून वाचू.

रेवदंडा_ते_ठाणे

टाकाच. ठाण्यात आमच्याकडे कीर्तनाची एक जुनी वही आहे, पानं सुटी झालीत. त्यात अब्राहामाच्या आख्यानात मुलाच्या तोंडी काय घातलंय ते बघून लिहिते.